गाडीची सुरक्षितता, चाचण्या आणि नवं तंत्रज्ञान: मराठवाड्यातून वारंवार येणारे प्रश्न

जालना, बीड, लातूर, परभणी, नांदेड, हिंगोली, धाराशिव आणि छत्रपती संभाजीनगर या भागांतून जे प्रश्न पुन्हा पुन्हा येतात, तेच इथे घेतलेत. शब्द शक्यतो विचारणाऱ्यांचेच ठेवलेत. एका उत्तरात आलेली गोष्ट दुसरीकडे परत लिहिलेली नाही, तिथे फक्त प्रश्न क्रमांक दिलाय.

१. एआरएआय म्हणजे नेमकं काय? तिथे गाडी पास झाली म्हणजे ती सुरक्षित समजायची का?

ऑटोमोटिव्ह रिसर्च असोसिएशन ऑफ इंडिया ही पुण्याची संस्था. स्थापना १९६६ ची, कोथरूडला टेकडीवर. नवं मॉडेल बाजारात आणण्याआधी कंपनीला केंद्रीय मोटार वाहन नियमांतल्या चाचण्या करून मान्यता घ्यावी लागते, आणि ती देण्याचा अधिकार असलेल्या संस्थांपैकी ही एक. आपल्याला आणखी जवळची म्हणजे अहिल्यानगरची व्हीआरडीई. ती डीआरडीओची, म्हणजे मूळ काम लष्करी वाहनांचं, पण तिथे नागरी वाहनांचीही तपासणी होते. इंदूरजवळ पीथमपूरला नॅट्रॅक्स आहे, तिथला वेगाचा ट्रॅक ११.३ किलोमीटरचा. ट्रॅक्टरसाठी मध्य प्रदेशातल्या बुदनीचं चाचणी केंद्र.

आता ‘पास’चा अर्थ. पास म्हणजे कायद्यानं आखलेली किमान रेषा ओलांडली, एवढंच. ब्रेक, दिवे, हॉर्न, आरसे, धूर आणि मोटारींच्या बाबतीत धडक, सगळ्याचे किमान निकष असतात. समोरून धडकेची सक्तीची चाचणी ताशी ५६ किलोमीटरला होते, बाजूनं ५० ला. नव्या मॉडेलना ती ऑक्टोबर २०१७ पासून लागू झाली आणि सगळ्या मोटारींना ऑक्टोबर २०१९ पासून. त्याआधीची गाडी वापरत असाल तर प्रश्न १९ पाहा.

२. मग हे स्टार कशाचे असतात? सरकारी मान्यता आणि स्टार एकच का?

नाही. मान्यता सक्तीची आहे, स्टार ऐच्छिक. भारत एनकॅप ही गाडी आपटून बघून स्टार देण्याची आपली स्वतःची पद्धत १ ऑक्टोबर २०२३ पासून सुरू झाली. साडेतीन टनांपर्यंतच्या प्रवासी मोटारींसाठी कंपनी स्वतःहून गाडी पुढे करते. समोरची धडक ६४ च्या वेगानं, तीही गाडीच्या रुंदीच्या ४० टक्के भागावरच, कारण रस्त्यावर बहुतेक धडका अशा अर्धवटच बसतात. बाजूची धडक ५० नं. वरचे स्टार हवे असतील तर २९ च्या वेगानं खांबावर बाजू आदळण्याची चाचणी आणि इलेक्ट्रॉनिक स्टॅबिलिटी कंट्रोलही (गाडी घसरायला लागली की तिला सावरणारी यंत्रणा) लागतो.

मोठ्यांच्या सुरक्षेला ३२ पैकी गुण, लेकरांच्या सुरक्षेला ४९ पैकी. पाच स्टारला अनुक्रमे किमान २७ आणि ४१ लागतात. गाडी बघायला जाल तेव्हा स्टारपेक्षा हे दोन आकडे विचारा. दोन पाच-स्टार गाड्यांत चार-पाच गुणांचा फरक असू शकतो, आणि तो सेल्समन आपणहून सांगत नाही.

३. पाच स्टारची गाडी घेतली. आता समृद्धीवर १२० नं जायला हरकत नाही ना?

कायद्यानं हरकत नाही, तिथली मोटारींची मर्यादाच १२० आहे. पण स्टार तुम्हाला १२० साठी मिळालेले नाहीत, ६४ साठी मिळालेत. धडकेतली ऊर्जा वेगाच्या वर्गानुसार वाढते. ६४ च्या तुलनेत १२० ला ती साधारण साडेतीन पट होते. पत्र्याला आणि एअरबॅगला तेवढी जिरवता येत नाही, कुठल्याच गाडीच्या.

थांबायला लागणारं अंतर पाहा. धोका दिसल्यापासून ब्रेकवर पाय पडेपर्यंत एक सेकंद धरला आणि कोरडा रस्ता, चांगले टायर धरले, तर ८० ला गाडी थांबायला साधारण ५८ मीटर लागतात. १२० ला ११४ च्या आसपास. वेग दीडपट झाला आणि अंतर जवळपास दुप्पट. हा एक सेकंदसुद्धा ताज्या माणसाचा आहे. जालन्याहून दुपारी जेवून निघालेल्या आणि सरळ, रिकाम्या रस्त्यानं डोळे जड झालेल्या माणसाचा नाही.

दुसरं म्हणजे चाचणीतली धडक ही साधारण आपल्याच वजनाच्या गाडीशी झालेल्या टकरीसारखी धरलेली असते. उभ्या ट्रकच्या मागे गाडी घुसली तर बोनेटच्या वरून ट्रकची चौकट थेट काचेवर येते. गाडीचा जो पुढचा भाग दबून मार झेलायचा, तो दबतच नाही. म्हणून ट्रकच्या मागच्या आडव्या लोखंडी पट्टीला महत्त्व आहे. ती वाकलेली किंवा कापून टाकलेली दिसली तर त्या ट्रकपासून दूर राहा.

४. एकाच मॉडेलला एका ठिकाणी चार स्टार लिहिलेत, दुसरीकडे पाच. खरं कोणतं?

बहुधा दोन्ही. परदेशातल्या ग्लोबल एनकॅपनं २०२२ च्या मध्यावर निकष कडक केले. त्याआधी मोठ्यांचे गुण १७ पैकी असत, नंतर ३४ पैकी झाले, बाजूची धडक आणि स्टॅबिलिटी कंट्रोलही धरला जाऊ लागला. त्यामुळे जुन्या पाच स्टारची नव्या चारशी तुलना करू नका. चाचणीचं वर्ष, कोणाची पद्धत, आणि तपासलेल्या गाडीत किती एअरबॅग होत्या, या तीन गोष्टी पाहा.

५. सहा एअरबॅग सक्तीच्या झाल्या का? आमच्याकडे कुणी हो म्हणतं, कुणी नाही.

नाही. २०२२ च्या जानेवारीत मसुदा निघाला, तो पुढे ढकलला गेला आणि सप्टेंबर २०२३ मध्ये केंद्रीय मंत्री नितीन गडकरी यांनी सक्ती करणार नसल्याचं सांगितलं. सक्ती आहे ती पुढच्या दोन सीटची: चालकाची १ जुलै २०१९ पासून, शेजारच्याची नव्या मॉडेलना १ एप्रिल २०२१ पासून आणि चालू मॉडेलना त्या वर्षाच्या शेवटापासून. तरीही स्टारच्या शर्यतीमुळे अनेक कंपन्या सहा देऊ लागल्यात. बाजूनं धडक बसली की डोकं आणि धडक देणारी वस्तू यांच्यामध्ये फक्त दरवाजा आणि काच असते, तिथे पडद्यासारखी उघडणारी एअरबॅग काम करते. पैसे कुठे टाकायचे असा प्रश्न असेल तर सनरूफपेक्षा तिथे टाका.

६. एअरबॅग आहे तर बेल्ट कशाला? आणि मागच्या सीटवर कोण लावतं बेल्ट?

एअरबॅगच्या झाकणावर एसआरएस लिहिलेलं असतं. त्यातला पहिला एस म्हणजे सप्लिमेंटल, जोडीला दिलेली. मुख्य काम बेल्टचंच. सेन्सरला धडक कळल्यापासून सेकंदाच्या काही शतांश भागात पिशवी फुगते आणि लगेच रिकामी व्हायला लागते. बेल्ट नसेल तर माणूस त्याआधीच पुढे सरकलेला असतो आणि फुगत असलेल्या पिशवीवर आदळतो. तेव्हा वाचवणारी वस्तूच इजा करते. स्टिअरिंगपासून छातीचं अंतर निदान २५ सेंटीमीटर ठेवायला सांगतात तेही यासाठीच.

मागे बसणाऱ्यांनाही बेल्ट बंधनकारक आहे, न लावल्यास एक हजार रुपये दंड. सायरस मिस्त्री यांचं सप्टेंबर २०२२ मधलं निधन झालं तेव्हा ते मागच्या सीटवर, विनाबेल्ट होते. त्यानंतर मागच्या सीटलाही बेल्टची आठवण देणारा आवाज नव्या गाड्यांत आणला गेला. मागचा विनाबेल्ट माणूस स्वतः तर जातोच, पुढच्या सीटवर मागून येऊन पुढच्यालाही चिरडतो. लग्नसराईत सात सीटच्या गाडीत अकरा माणसं कोंबणारांना हे आवडत नाही, माहीत आहे.

तो टुकटुक आवाज बंद करायला जी क्लिप मिळायची, ती ऑनलाइन विकायला ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं मे २०२३ मध्ये बंदी केली. दुकानात अजून मिळते. घेऊ नका. ती लावली की गाडीला वाटतं बेल्ट लागलाय, आणि काही गाड्यांत एअरबॅग आणि बेल्ट ताणणारी यंत्रणा त्याच माहितीवर निर्णय घेतात.

७. लेकराला पुढे मांडीवर घेऊन बसलो तर? घट्ट धरतो की.

धरता येत नाही. हिशोब करून पाहा: लेकरू दहा किलोचं, वेग ५०, गाडी सेकंदाच्या दहाव्या भागात थांबली. तेवढ्या वेळासाठी त्या लेकराला धरून ठेवायला सुमारे १४० किलोचं वजन पेलण्याएवढी ताकद लागते. पहिलवान असाल तरी सुटणार. शिवाय पुढे एअरबॅग असेल तर तुम्ही आणि पिशवी यांच्यामध्ये लेकरू आहे.

लेकरू मागच्या सीटवर, वयाच्या आणि वजनाच्या मापाच्या चाइल्ड सीटमध्ये. बहुतेक नव्या गाड्यांत मागच्या सीटच्या फटीत आयसोफिक्सचे लोखंडी कडे असतात, सीट त्यात अडकते. उलट्या तोंडाची सीट एअरबॅग चालू असलेल्या पुढच्या जागेवर कधीही ठेवू नये. सीट महाग वाटते, खरं आहे. पण ती नात्यातल्या चार घरांत फिरू शकते, फक्त अपघातात सापडलेली नको.

दुचाकीवर नऊ महिने ते चार वर्षांच्या मुलाला चालकाशी बांधणारा हार्नेस, हेल्मेट आणि ४० ची वेगमर्यादा, हा नियम फेब्रुवारी २०२३ पासून लागू आहे. टाकीवर बसवून हँडल धरायला लावणं यात बसत नाही.

८. बाईकला सीबीएस आहे. शोरूमवाले म्हणायलेत एबीएससारखंच आहे. खरं का?

सारखं नाही. सीबीएसमध्ये एक ब्रेक दाबला की दोन्ही चाकांना ब्रेक विभागून लागतो. चाक जाम होणं तो थांबवत नाही. एबीएसमध्ये चाकाचा वेग मोजणारा सेन्सर असतो. चाक जाम व्हायला लागलं की यंत्रणा ब्रेकचा दाब सोडते आणि पुन्हा देते, सेकंदाला कित्येक वेळा. लिव्हरवर थरथर जाणवते ती हीच. ती जाणवली म्हणून लिव्हर सोडायचं नाही.

२०१८-१९ च्या नियमानुसार १२५ सीसीच्या वर एबीएस आणि त्याखाली सीबीएस. ही सीमा बदलून सगळ्याच दुचाकींना एबीएस देण्याचा मसुदा मंत्रालयानं जून २०२५ मध्ये काढला. आपल्याकडची बहुतेक खेड्यातली वाहतूक शंभर सीसीवर चालते, तेव्हा खरा फरक तिथेच पडेल.

एका चाकाचा एबीएस असेल तर तो बहुतेक वेळा पुढच्या चाकाला असतो. मागचं चाक जाम होऊ शकतं, हे डोक्यात असू द्या.

९. एबीएस असून पहिल्या पावसात गाडी घसरलीच. मग उपयोग काय?

एबीएस रस्ता आणि टायर यांच्यामधली पकड वाढवत नाही. आहे तेवढी वाया जाऊ देत नाही. पकडच नसेल तर तो काय करणार? मृगात शेतातून बाहेर पडलेले ट्रॅक्टर काळी माती डांबरावर आणून टाकतात. पहिल्या सरीनं तिचा चिखल होतो आणि तो टायरच्या खाचा भरून टाकतो. तेव्हा टायर डांबराला टेकतच नाही. यावर उपाय वेग कमी करणं हाच.

मुरूम आणि खडीवर आणखी एक गंमत आहे. तिथे जाम झालेलं चाक पुढे मुरुमाचा ढीग करतं आणि त्यानं गाडी थांबते. एबीएस चाक फिरतं ठेवतो, ढीग होत नाही, आणि थांबायचं अंतर उलट थोडं वाढू शकतं. बदल्यात हँडल तुमच्या ताब्यात राहतं. कच्च्या रस्त्यावर पुढच्या गाडीपासून जास्त अंतर ठेवा.

एबीएसचा पिवळा दिवा चालू राहत असेल तर आधी चाकाजवळ बघा. डिस्कच्या शेजारी भोकांची किंवा दातांची एक रिंग असते आणि तिच्यासमोर बोटाच्या पेराएवढा सेन्सर. दोन्हींमध्ये जेमतेम एखाद्या मिलिमीटरची फट. काळी माती तिथे वाळून बसली किंवा एखादा खडा रिंगेला लागून ती वाकली, की सेन्सरला चाकाचा वेग नीट कळत नाही आणि यंत्रणा स्वतःला बंद करून घेते. मऊ ब्रश आणि साधं पाणी घ्या. वॉशिंग सेंटरच्या पाइपचा फवारा थेट सेन्सरच्या वायरवर मारू नका. तरी दिवा गेला नाही तर गॅरेज. दिवा चालू असताना साधा ब्रेक लागतोच, फक्त एबीएस नसतो.

१०. उन्हाळ्यात टायर फुटू नये म्हणून हवा थोडी कमी भरावी ना?

या पानावर सगळ्यात जास्त वेळा आलेला प्रश्न हाच, आणि उत्तर अगदी उलटं आहे. कमी हवेचा टायरच फुटतो.

हवा कमी असली की टायरची बाजूची भिंत प्रत्येक फेऱ्यात जास्त वाकते आणि सरळ होते. या वाकण्यातूनच उष्णता तयार होते. ताशी १०० ला हे मिनिटाला शेकडो वेळा होतं. रबर आणि आतल्या धाग्यांचे थर तापून सुटायला लागतात आणि मग भिंत फाटते. वरून ४२-४३ अंशांचं ऊन आणि तापलेलं काँक्रीट. त्यात टपावर सामान आणि गाडीत सात माणसं असली तर विचारूच नका.

तापल्यावर दाब वाढतो हे खरं. टायर १० अंशांनी तापला की ३३ पीएसआयवर साधारण दीड पीएसआयची भर पडते. पण कंपनीनं दाब ठरवताना ही वाढ धरलेली असते. म्हणून नियम असा: चालकाच्या दाराच्या चौकटीवर जो आकडा चिकटवलेला आहे तो, सकाळी गाडी थंड असताना. पूर्ण भरलेल्या गाडीचा आकडा वेगळा असतो, तोही तिथेच लिहिलेला असतो. टायरच्या बाजूवर लिहिलेला कमाल दाब हा भरायचा आकडा नाही. आणि चालवून तापलेल्या टायरमधली ‘वाढलेली’ हवा पंपावर काढून टाकणं म्हणजे रात्री कमी हवेवर गाडी चालवण्याची तयारी.

दाबाशिवाय तीन गोष्टी. टायरच्या बाजूवर चार आकड्यांचा शिक्का असतो, उदाहरणार्थ २३१९, म्हणजे २०१९ चा तेविसावा आठवडा. नक्षी शाबूत असली तरी जुना झालेला टायर कडक पडतो, बारीक भेगा दिसतात. दुसरी, नक्षीची खोली. खाचेत मधेमधे रबराचे छोटे उंचवटे असतात, ते १.६ मिलिमीटरचे. नक्षी झिजून त्यांच्या बरोबरीला आली की टायर संपला. तिसरी, वेगाचं अक्षर. टी म्हणजे १९०, एच म्हणजे २१०, पण एल म्हणजे फक्त १२०. मालवाहू पिकअपला माणसं भरून समृद्धीवर काढणारांनी हे अक्षर एकदा वाचावं.

११. नायट्रोजन भरला तर?

साध्या हवेतच ७८ टक्के नायट्रोजन असतो. कोरडा असल्यानं थोडा फरक पडतो, तो विमानाला आणि शर्यतीच्या गाडीला महत्त्वाचा. तुम्हाला महत्त्वाचं आहे ते पंधरा दिवसांतून एकदा दाब बघणं.

१२. एडास आपल्या रस्त्यांवर चालतो का? की मेट्रो शहरांचाच चोचला आहे?

एडास म्हणजे कॅमेरा आणि रडारच्या जोरावर चालकाला मदत करणारी यंत्रणा. ती चालते, पण जिथे तिला दिसतं तिथे. पुढच्या काचेमागे कॅमेरा आणि बंपर किंवा लोगोच्या मागे रडार असतो. कॅमेरा वस्तू कोणती ते ओळखतो, रडार तिचं अंतर आणि वेग सांगतो. दोघांचं एकमत झालं की गाडी आधी ओरडते, मग स्वतः ब्रेक मारते.

अडचण ओळखण्यात आहे. कॅमेऱ्यामागचं सॉफ्टवेअर हजारो चित्रांवर शिकवलेलं असतं. युरोपातल्या चित्रांत मोटार, ट्रक, सायकलवाला आणि माणूस भरपूर. कडब्यानं भरलेली बैलगाडी नाही, मागे दोन हात बाहेर आलेले सळईचे तुकडे नाहीत, रस्त्याच्या मधोमध बसलेली म्हैस नाही. हैदराबादच्या आयआयआयटीनं २०१८ मध्ये भारतीय रस्त्यांच्या दहा हजार चित्रांचा संच तयार केला. त्यात ऑटोरिक्षा आणि जनावरं यांचे वेगळे वर्ग आहेत. चित्रं प्रामुख्यानं हैदराबाद आणि बंगळुरूच्या आसपासची. सोलापूर-धुळे महामार्गावर बीडजवळ रात्री नऊला काय दिसतं, हे कुणीतरी इथे येऊन टिपायला हवं. आपल्या इंजिनिअरिंग कॉलेजांना शेवटच्या वर्षाच्या प्रकल्पासाठी याहून चांगला विषय मिळणार नाही.

रडारचीही एक खोड आहे. वेगात असताना पूल, पाट्या, कठडे अशा स्थिर वस्तूंचे प्रतिध्वनी सतत येतात, त्या प्रत्येकाला ब्रेक मारता येत नाही, म्हणून अनेक यंत्रणा स्थिर वस्तूंकडे दुर्लक्ष करतात. परिणामी, जास्त वेगात उभ्या ट्रकवर त्या उशिरा जागतात किंवा जागतच नाहीत. नवरात्रात आणि कोजागिरीला तुळजापूरला पायी जाणारे भाविक पहाटे अंधारात रस्त्याच्या कडेनं चालतात. पादचारी ओळखणारी यंत्रणा उजेडात चांगली, अंधारात कमजोर. अशा वेळी एडासवर विसंबू नका.

लेन सांभाळणारी सोय पांढऱ्या पट्ट्यांवर चालते. तालुक्याच्या रस्त्यावर पट्टाच नसेल तर ती आपोआप बंद पडते, तो बिघाड नाही. समृद्धीवर मात्र पट्टे नीट आहेत आणि डुलकी लागून गाडी लेन सोडायला लागली की मिळणारा धक्का खरंच उपयोगी आहे. माझ्या मते आपल्या भागात एडासचा सगळ्यात मोठा फायदा एवढाच, आणि तो काही कमी नाही.

१३. पुढची काच बदलली, तेव्हापासून एडास विचित्र वागतोय. बंपर गार्डही लावलाय.

काच बदलली की कॅमेऱ्याचं कॅलिब्रेशन, म्हणजे त्याचा नेम जुळवणं, पुन्हा करावं लागतं. कॅमेऱ्याचा कोन एक अंशानं चुकला तरी शंभर मीटरवर ते पावणेदोन मीटर होतात, म्हणजे जवळजवळ अर्धी लेन. बाहेरच्या दुकानातून काच बसवली असेल तर अधिकृत सेंटरला जाऊन कॅलिब्रेशन करून घ्या आणि पावतीवर तसं लिहून घ्या.

बंपर गार्ड काढा. रडार झाकला जातो, आणि धडकेत बंपरमागचा दबणारा भाग आणि एअरबॅगचे सेन्सर यांचं गणित बिघडतं. मंत्रालयानं डिसेंबर २०१७ मध्येच गार्डवर कारवाई करायला राज्यांना कळवलं होतं. गावाकडे रानडुक्कर आडवं येतं म्हणून लावतो, असं बरेच जण लिहितात. भीती खरी आहे. डुकराच्या धडकेत गार्ड बंपर वाचवेल, पण ट्रकच्या धडकेत माणूस वाचवणाऱ्या सोयीलाच तो अडथळा होतो.

१४. उसाच्या ट्रॉलीवर काही तंत्रज्ञान नाही का? दर हंगामात कुणी ना कुणी जातं.

आहे, आणि स्वस्त आहे. कारखाने पेटले की नोव्हेंबरपासून एका ट्रॅक्टरमागे दोन ट्रॉल्या सुरू होतात. मागच्या ट्रॉलीला दिवा नसतो, असला तर बाहेर आलेल्या वाढ्यांनी झाकलेला. डिपरवर तुमच्या गाडीचा उजेड साधारण ४० ते ६० मीटर जातो. प्रश्न ३ मधला ८० चा आकडा आठवा: ५८ मीटर. म्हणजे ट्रॉली दिसली तेव्हा वेळ गेलेली असते.

परावर्तक टेपचा फायदा असा की तिला वीज लागत नाही आणि ती उजेडाच्या टोकाच्या खूप आधी चमकते. मागे लाल, बाजूला पिवळी, पुढे पांढरी, आणि शिक्का असलेली. साध्या चमकत्या कागदाला तो गुण नसतो. फक्त टेप अशा जागी लावा की ऊस भरल्यावरही दिसेल: फाळक्याच्या वरच्या कडेला नको, खालच्या चौकटीवर हवी. दर आठवड्याला ओल्या फडक्यानं पुसा, चिखलाखाली टेप मेलेली असते.

बहुतेक ट्रॉल्यांना स्वतःचे ब्रेक नसतात. उतारावर मागचं सगळं वजन ट्रॅक्टरला ढकलतं आणि जोड मोडतो किंवा ट्रॉली आडवी होते. दोन ट्रॉल्यांना एक ट्रॅक्टर, तोही उतारावर न्यूट्रलमध्ये, यावर कुठलंही संशोधन उपाय देऊ शकत नाही. चालकाला खेपेवर पैसे मिळतात तोवर ते थांबणार नाही, हे कारखान्यांनाही माहीत आहे.

ट्रॉली पंक्चर होऊन रस्त्यात उभी राहिली तर चाकाला लावलेले दगड नंतर रस्त्यात सोडून जाऊ नका. दुचाकीवाले त्यावरच पडतात.

१५. इलेक्ट्रिक स्कूटर घ्यायची आहे, पण आगीची भीती वाटते. आपल्याकडचं ऊन सोसेल का?

२०२२ च्या उन्हाळ्यात देशात स्कूटर पेटल्या त्यानंतर बॅटरीचे निकष बदलले. दुचाकींसाठी एआयएस-१५६ ची सुधारित आवृत्ती १ डिसेंबर २०२२ आणि ३१ मार्च २०२३ अशा दोन टप्प्यांत लागू झाली. एक सेल पेटला तर आग शेजारच्या सेलमध्ये पसरू नये किंवा निदान आधी इशारा मिळावा, हा त्यातला गाभा. त्यानंतर बनलेलीच घ्या. जुना स्टॉक स्वस्तात देतात, बनवल्याचा महिना बघा.

ऊन बॅटरी लगेच पेटवत नाही, तिचं आयुष्य खातं. दुपारी जालना रोडवरून आलात की लगेच चार्जिंगला लावू नका, सावलीत अर्धा-पाऊण तास थंड होऊ द्या. चार्जिंग १५ अँपिअरच्या सॉकेटवर, अर्थिंग असलेल्या. अर्थिंग आहे की नाही हे इलेक्ट्रिशियनकडून मोजून घ्या, तीन भोकं आहेत म्हणजे अर्थिंग आहे असं नसतं. शेतातल्या आकड्यावरून किंवा एक्स्टेन्शन बोर्डवरून चार्ज करणं म्हणजे आग बोलावणं. रात्री जिन्याखाली, घराच्या एकुलत्या दारात गाडी लावू नका.

एलएफपी आणि एनएमसी हे लिथियम सेलचे दोन प्रकार. एलएफपी सेल एनएमसीपेक्षा उष्णतेला जास्त टिकाऊ, फक्त त्याच क्षमतेला जड. बॅटरीतून धूर निघाला तर विझवत बसू नका, माणसं बाहेर काढा. लिथियमची आग विझल्यासारखी वाटून पुन्हा पेटते.

आणि एक. २५ च्या खालच्या वेगाच्या, २५० वॉटच्या गाडीला नोंदणी लागत नाही. दुकानदार वायर कापून ती ४५ नं पळवून देतो. त्या क्षणी ती बेकायदा, विनाविमा गाडी होते, आणि तिचे ब्रेक २५ साठीच बनवलेले असतात.

१६. पुराच्या पाण्यातून इलेक्ट्रिक गाडी नेली तर शॉक लागेल का?

बॅटरी पॅक साधारण आयपी ६७ दर्जाचा असतो, म्हणजे एक मीटर पाण्यात अर्धा तास. ती नव्या पॅकची चाचणी, स्वच्छ आणि स्थिर पाण्यात. ओढ्याच्या वाहत्या पाण्याची नाही. शॉकचा धोका कमी, वाहून जाण्याचा जास्त. पुलावरून पाणी जात असेल तर गाडी कुठलीही असो, थांबा. पाण्यात बुडून निघालेली गाडी तपासल्याशिवाय चार्ज करू नका.

१७. कंपनीनं माझी गाडी परत बोलावली आहे का, कसं कळेल?

कंपनीच्या वेबसाइटवर चेसिस नंबर टाका, कळतं. दुरुस्ती फुकट असते, वॉरंटी संपली असली तरी. २०१९ च्या सुधारित कायद्यात सरकारला गाडी परत बोलावायचा आदेश देण्याचा अधिकार मिळाला. २०२१ च्या एप्रिलपासून सात वर्षांच्या आतल्या गाड्यांबद्दल वाहन पोर्टलवर तक्रार करता येते आणि कंपनीला एक कोटीपर्यंत दंड होऊ शकतो. गाडी सेकंडहँड घेतली असेल तर कंपनीचं पत्र जुन्या मालकाकडेच जातं. म्हणून तुम्हीच बघा.

१८. रात्रीच्या ट्रॅव्हल्समध्ये बसताना काय बघावं?

१ जुलै २०२३ ला सिंदखेडराजाजवळ समृद्धीवर बस उलटून पेटली आणि २५ जण गेले. तेव्हापासून हा प्रश्न दर आठवड्याला येतो. बस बाजूवर पडली की दरवाजा जमिनीखाली जातो, म्हणून संकटकालीन दार दुसऱ्या बाजूला किंवा मागे आणि वर छतावर झडप लागते. बसल्यावर ती कुठे आहेत ते पाहा. समोर बर्थ किंवा पार्सल ठेवून दार बंद केलेलं असेल तर तिथल्या तिथे विचारा, फोटो काढा. काच फोडायचा हातोडा जागेवर आहे का ते हात लावून बघा, अनेकदा नुसता खोबणीचा साचा असतो. टपावर दुचाकी किंवा पोती भरलेली असतील तर त्या बसचा तोल आधीच बिघडलेला आहे. दुसरी पकडा.

१९. माझी गाडी २०१२ ची आहे. एअरबॅग, एबीएस काहीच नाही. बाहेरून बसवता येईल का?

नाही. एअरबॅग त्या गाडीच्या चौकटीसाठी, कित्येक धडका घेऊन जुळवलेली असते. एबीएसचंही तसंच. जो बसवून देतो म्हणतो तो फसवतोय. आहे त्यात चांगलं काय करता येईल: चारही टायर (प्रश्न १०), ब्रेक ऑइल दर दोन वर्षांनी, बेल्ट झटक्यानं ओढून अडकतो का ते बघणं, हेडलाइटच्या पिवळ्या पडलेल्या काचा. आणि समृद्धीवर ८०.

२०. आपल्या संभाजीनगरात गाड्यांचं संशोधन होतं का? पोराला या क्षेत्रात जायचंय.

होतं, पण गाडी आपटून बघण्याचं नाही. बजाजचा वाळूज कारखाना १९८५ पासून आहे आणि त्याच्या भोवती सुटे भाग बनवणारी अख्खी वसाहत उभी राहिली. एन्ड्युरन्स इथलीच, ब्रेक, सस्पेन्शन आणि दुचाकींचे एबीएस बनवणारी. व्हॅरॉकही इथलीच. शेंद्र्यात स्कोडा. बिडकीनला एथर आणि टोयोटा किर्लोस्करनं २०२४ मध्ये कारखाने जाहीर केले. या कामात चाचणी म्हणजे ब्रेक डायनामोमीटर (ब्रेकची ताकद मोजणारं यंत्र), कंपन यंत्र, खाऱ्या पाण्याच्या फवाऱ्याची पेटी. त्या पेटीत शेकडो तास ठेवलेला भाग गंजून बाहेर येतो आणि मग तो कुठे सुटला, का सुटला हे शोधायचं. कंटाळवाणं वाटतं, पण हेच संशोधन आहे.

पोरासाठी: मेकॅनिकल असो की इलेक्ट्रॉनिक्स, कोडिंग हवंच, कारण ब्रेकसुद्धा आता सॉफ्टवेअरवर चालतो. कॉलेजात बाहा एसएई (विद्यार्थ्यांनी स्वतः गाडी बनवून उतरायची) स्पर्धेची टीम असेल तर त्यात घुसू द्या. मुलाखतीत त्याबद्दल अर्धा तास बोलता येतं. डिप्लोमावाल्यांनी इंडो-जर्मन टूल रूमचे कोर्स पाहावेत. चाचणी विभागात हातानं काम येणारा माणूस कमी आहे.

२१. मी ट्रॅक्टरसाठी ब्रेकचं एक साधन बनवलंय. गावात चाललंय. विकायला परवानगी कुठून?

गावात चाललं हा पुरावा धरत नाहीत, पण तो सुरुवातीला चांगला आहे. कायद्यानं कंपनीनं दिलेल्या रचनेत परस्पर बदल करता येत नाही, त्यामुळे साधन लावलेल्या ट्रॅक्टरचा मालक अडचणीत येऊ शकतो. आधी तेच साधन सारख्या वजनाच्या भरलेल्या ट्रॉलीवर, एकाच उतारावर, लावून आणि न लावता, निदान वीस-वीस वेळा थांबवून अंतर लिहून काढा. मग वाळूजच्या मराठवाडा ऑटो क्लस्टरसारख्या ठिकाणी भागाची ताकद तपासून घ्या, तिथे छोट्या उद्योजकाला दार उघडं असतं. त्यानंतर एआरएआय किंवा बुदनी. पेटंटचा अर्ज मात्र व्हिडिओ टाकण्याच्या आधी. बहुतेक जण उलटं करतात.

२२. अपघातात एअरबॅग उघडलेली सेकंडहँड गाडी स्वस्तात मिळतेय. घ्यावी का?

एअरबॅग, सेन्सर, नियंत्रण पेटी आणि बेल्ट हे सगळं कंपनीच्या सेंटरमध्ये बदलल्याची बिलं असतील तरच. बेल्टचाही ताणणारा भाग धडकेत एकदाच वापरला जातो, तो बदलायचं विसरतात. बिलं नाहीत, ‘आमच्या ओळखीच्यानं केलंय’ असं ऐकलं, तर झाकणाखाली काहीच नसण्याची शक्यता मोठी.

बघायची सोपी रीत: चावी फिरवा, इंजिन चालू करू नका. एअरबॅगचा दिवा लागला पाहिजे आणि काही सेकंदांनी विझला पाहिजे. विझलाच नाही तर यंत्रणेत बिघाड. लागलाच नाही तर दिवा काढलाय किंवा त्याची वायर दुसऱ्या दिव्याला जोडलीय. एअरबॅगचा आणि ऑइलचा दिवा अगदी एकाच क्षणी विझत असतील तरी संशय घ्या.